जुने स्टेशन आणि पाण्याची गाडी



येडशीहून कळंब रोडकडे जाणारी जुनी नॅरोगेजची वाट आपल्यापैकी बहुतेकांना ठाऊक आहे. रूळ उचलले गेले, भरावावर बाभळी माजल्या. त्या वाटेवरच्या एका पडक्या स्टेशनाशेजारीच आमच्या एका सभासदाचा ऊस आहे. लागण नोंदीसाठी गेलो की स्टेशनाच्या चिंचेखाली आमची बैठक बसते. यंदा तिथे बसल्यावर या गाडीची हकीकत सभासदांपुढे मांडावी असे मनात आले. हकीकत गाडीची असली तरी शेवटी ती आपल्या उसापाशीच येते.

बार्शी ही पूर्वीपासून कापसाची आणि धान्याची पेठ. पण मुंबई-सोलापूरची मोठी लाईन बार्शीला बाजूला ठेवून कुर्डुवाडीवरून गेली. त्या स्टेशनाचे नावच मुळी ‘बार्शी रोड’ होते. पेठेतला माल बैलगाडीने दहा-अकरा कोस नेऊन तिथे चढवावा लागे. एव्हरार्ड कॅलथ्रॉप नावाच्या इंग्रज इंजिनिअरने ही अडचण हेरली. 1895 साली लंडनमध्ये कंपनी काढली आणि 1897 मध्ये बार्शी रोड ते बार्शी ही गाडी सुरू केली. रुळांतील अंतर फक्त 2 फूट 6 इंच.

या माणसाचा हिशेब आपल्या गाडीवानाला चटकन कळेल असा होता. कोणत्याही आखावर 5 टनांपेक्षा जास्त भार येऊ द्यायचा नाही, आणि इंजिन असो की वाघीण, भार सगळ्या आखांवर सारखा वाटायचा. म्हणजे हलका रूळ पुरतो, खर्च कमी होतो आणि मालही भरपूर जातो. गाडी लादताना ऊस पुढेमागे सारखा नसेल तर बैलाच्या मानेचे काय होते ते आपण जाणतोच. तीच ही गोष्ट.

पुढे 1906 मध्ये गाडी पंढरपूरला पोहोचली, 1911 मध्ये लातूरला आणि 1927 मध्ये मिरजेला. मिरज ते लातूर मिळून सव्वातीनशे किलोमीटरची ही लाईन झाली. बार्शी इंग्रजांच्या मुलखात आणि लातूर निजामाच्या, पण गाडी दोन्ही मुलखांत चालली. आषाढीला तर टपावरसुद्धा माणसे बसत. 1954 साली सरकारने कंपनीकडून ही लाईन विकत घेतली.

आम्ही स्वतः कृषी पदविकेला असताना या गाडीने हिंडलो आहोत. चढणीला गाडी इतकी हळू चाले की पोरे उतरून बोरे तोडत आणि पुन्हा डब्यात चढत. घाई असलेला माणूस या गाडीच्या वाटेला जातच नसे.

पुढे ब्रॉडगेजचे काम निघाले. जुन्या लाईनने जिल्ह्याचे ठिकाण बाजूला सोडले होते. नवी लाईन येडशीहून उस्मानाबाद म्हणजे आताचे धाराशिव येथे वळवण्यात आली. 2008 मध्ये कुर्डुवाडी ते लातूर मोठी गाडी धावू लागली. जिल्ह्याचे भले झाले, त्याबद्दल तक्रार नाही. पण मधला जुना तुकडा कायमचा सुटला आणि आमच्या चिंचेखालचे स्टेशन त्यातच गेले.

स्टेशनाशेजारी कोळशाच्या इंजिनाला पाणी भरण्यासाठी खोदलेली विहीर आहे. आमचे सभासद म्हणाले, “साहेब, माझ्या आज्याच्या वक्ताला इंजान पिऊन जायचं तरी हिरीला उन्हाळ्यात पाणी ऱ्हायचं. आता इंजान न्हाई आन् पाणी बी न्हाई.” आम्ही विचारले, “का हो, काका?” ते हसले. “मलाच इचारता व्हय? ऊस लावा, ऊस लावा म्हणून तुमीच तर दारात यायचा.”

हे बोलणे आम्हाला लागले, कारण ते खरे होते. गाळपाचे उद्दिष्ट गाठायचे म्हणून आम्ही नोंदी वाढवल्या. पाणी किती आहे हे विचारले, पण वहीत लिहिले नाही.

मग 2016 साल आले. त्या एप्रिलमध्ये मिरजेहून पाण्याची गाडी निघाली आणि 12 तारखेला लातूरला पोहोचली. पहिल्या गाडीला 10 वाघिणी, पाणी सुमारे 5 लाख लिटर. नंतर 50 वाघिणींची गाडी सुरू झाली, तिच्यात सुमारे 25 लाख लिटर. वाट कोणती? मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, लातूर. म्हणजे जी बार्शी लाईट कापूस आणि वारकरी वाहण्यासाठी जन्मली, तिच्याच वाटेने कृष्णेचे पाणी आले.

आता थोडे गणित करू. पाटपाण्यावरच्या उसाला वर्षभरात ढोबळमानाने 2000 मिलिमीटर पाणी लागते. आपल्याकडचा 700 मिलिमीटर पाऊस सगळाच्या सगळा कामी आला असे धरले तरी 1300 मिलिमीटर वरून द्यावे लागते. एका एकराला हे 52 लाख लिटर होतात. म्हणजे 50 वाघिणींच्या दोन गाड्या भरून फक्त एक एकर ऊस! ज्या पाण्यासाठी लातूरच्या आयाबहिणी घागरी घेऊन रांगेत उभ्या होत्या, त्याचा हा हिशेब आहे.

ऊस लावू नका असे आम्ही म्हणत नाही. आपल्या मुलांची शाळा आणि मुलींची लग्ने उसावरच झाली आहेत. पण कॅलथ्रॉपने जसा आखाचा भार ठरवला, तसा आपल्या विहिरीचा भार आपण ठरवला पाहिजे. विहीर जेवढे सोसेल तेवढाच ऊस, तोही ठिबकवर. पाचट जाळू नये, सरीत आच्छादावे. खोडवा दोन-तीनच घ्यावेत. ठिबकने पाण्यात तिसरा हिस्सा जरी वाचला तरी एकरी साधारण 17 लाख लिटर शिल्लक राहते.

काकांनी यंदा तीन एकरांपैकी दीड एकरच ऊस धरला असून तो ठिबकवर आहे. उरलेल्यात तूर आणि सोयाबीन. आमच्या नोंदवहीत त्यांचा ऊस निम्मा झाला, पण या वेळी आम्ही शेजारच्या रकान्यात विहिरीचे पाणीही परसात मोजून लिहिले. यापुढे आमच्या गटात प्रत्येक नोंदीला हा रकाना भरला जाईल. लागणीपूर्वी आमचा कर्मचारी विहिरीत दोर सोडायला आला तर सभासदांनी राग मानू नये.

स्टेशन गेले ते परत येणार नाही. विहीर मात्र अजून आपल्या हातात आहे.