केसांवरचे ऊन

दिवाळीला निमगाव सावाला जायचे, हा आमच्या घरचा वर्षानुवर्षांचा नेम. जुन्नर तालुक्याच्या पूर्वेकडले हे गाव. पुण्याहून नाशिकच्या रस्त्याने निघावे, आळेफाट्यापाशी मोठा रस्ता सोडावा आणि कांद्याच्या वाफ्यांतून, उसाच्या फडांतून आत शिरावे. सासूबाई अजून तिथल्या जुन्या घरातच राहतात. वय अठ्ठ्याऐंशी, पण कान शाबूत, आणि नजर तर अशी की करंजीची एक मुरड चुकली तरी लांबून दिसते!

गेल्या दिवाळीतली गोष्ट. वसुबारसेला आम्ही ओसरीवर पिशव्या टेकवतो न टेकवतो तोच आमच्या कन्येने एक खोके काढून माझ्यापुढे ठेवले. मला वाटले, भुईनळे असतील. निघाली निळसर पांढरी पूड, एक बाटली, एक चपटा ब्रश आणि रबरी हातमोजे.

"आई, या दिवाळीत तू माझ्या केसांना हायलाइट्स करायचेस."

"मी? अगं, मी आयुष्यात फक्त भिंतीला चुना लावलाय!"

"तेच तर! ब्रश धरायची सवय आहे ना तुला?"

तिला काय हवे होते ते तिने समजावून सांगितले. सगळे केस रंगवायचे नाहीत. मधल्या-मधल्या काही बटा ब्रशाने हलकेच उजळायच्या. मुळांपाशी काळेभोर, खाली येता येता फिके. "केसांवर ऊन पडल्यासारखं दिसलं पाहिजे," ती म्हणाली. पुण्यातल्या पार्लरात या कामाला आमच्या महिन्याच्या किराण्याइतके पैसे पडतात. म्हणून हा घरगुती बेत. या पद्धतीला 'बालायाज' म्हणतात. शब्द फ्रेंच, पद्धतही पॅरिसची, १९७०च्या दशकातली. आणि मूळ अर्थ काय, तर झाडणे! केसांवरून ब्रश झाडूसारखा फिरवायचा, म्हणून हे नाव.

हे ऐकून सासूबाई माजघरातूनच म्हणाल्या, "लक्ष्मीपूजनाला आपण केरसुणी पुजतो ते ठाऊक आहे. ती डोक्यावरून फिरवतात हे आजच कळलं!"

आमचे हे मात्र गंभीर झाले. "गावात लोक काय म्हणतील?" असे विचारताना त्यांच्या हातात जुना टूथब्रश होता आणि अर्ध्या मिशीला कलप लावून झाला होता. शिवाय सकाळीच दुधाची किटली घेऊन जो मुलगा आला होता, त्याच्या कपाळावरचा झुबका मक्याच्या कणसासारखा पिवळा होता. त्याला कोणी काही म्हटल्याचे माझ्या तरी ऐकिवात नाही. मुलाने केले की हौस, मुलीने केले की थेर, हा न्याय आपल्याकडे फार जुना आहे.

माझी भीती वेगळी होती. पंधरा वर्षांपूर्वी भाच्याच्या लग्नाच्या आदल्या रात्री मी केसांना कलप लावला. दहा वेळा लावलेला, ओळखीचा; आधी थोडा त्वचेवर लावून पाहा, ही खोक्यावरची सूचना मी कधी वाचलीही नव्हती. सकाळी उठले तो कपाळ सुजलेले आणि डोळे उघडेनात. त्या लग्नाच्या प्रत्येक फोटोत मी काळा चष्मा लावून उभी आहे! डॉक्टरांनी सांगितले की, काळ्या कलपात बहुधा पॅराफेनिलीनडायमाइन नावाचे द्रव्य असते, आणि वर्षानुवर्षे सोसलेले ते द्रव्य एखाद्या दिवशी अचानक सोसेनासे होऊ शकते. 'काळी मेहंदी' म्हणून जी विकतात तिच्यातही पुष्कळदा तेच असते.

तेव्हा मी लेकीला अट घातली. आधी सगळे वाचायचे, मग चाचणी, मग काम. केस उजळल्यावर त्यांना किंचित छटा देण्यासाठी खोक्यात रंगाची एक नळी होती. त्यातला ठिपका त्याच संध्याकाळी तिच्या कानामागे लावला आणि ४८ तास थांबायचे ठरवले. त्या रात्री कंदिलाखाली, म्हणजे विजेच्याच हो, बसून मी वाचायला घेतले.

पहिलीच गोष्ट वाचली आणि माझा इतक्या वर्षांचा समज गळून पडला. मला वाटायचे, हायलाइट्स म्हणजे केसांना सोनेरी रंग लावणे. तसे मुळीच नाही! यात रंग लावत नाहीत, असलेला काढतात. आपल्या केसांचा काळेपणा मेलॅनिन नावाच्या द्रव्याचा. ते केसाच्या गाभ्यात असते. वर खवल्यांचे पातळ आवरण, अगदी घरावर कौले एकावर एक बसवलेली असतात तसे. पूड आणि बाटलीतले हायड्रोजन पेरॉक्साइड एकत्र झाले की कौले उचलली जातात, पेरॉक्साइड आत शिरते आणि मेलॅनिनचा रंग मोडते. हे पेरॉक्साइड तेनार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १८१८ साली शोधले, आणि १८६७च्या पॅरिसच्या प्रदर्शनात केस सोनेरी करण्यासाठी ते लोकांपुढे मांडले गेले. तेव्हापासून आजवर मूळ युक्ती तीच आहे.

पण उचललेली कौले पुन्हा पहिल्यासारखी घट्ट बसत नाहीत. केस हा मेलेला तंतू. कातडीवरची जखम भरते तसा तो भरून येत नाही. गेलेला रंग आणि गेलेले बळ परत यायचे ते मुळातून नवा केस उगवेल तेव्हाच, आणि केस वाढतो महिन्याला जेमतेम एक-सव्वा सेंटिमीटर. हातभर लांब केसांचे नुकसान भरून निघायला किती वर्षे लागतील, याचा हिशेब वाचक-भगिनींनी स्वतःच करावा.

दुसरी गोष्ट, आपल्या काळ्या केसांतून रंग एकदम जात नाही. काळ्याचा तपकिरी, मग तांबूस, मग नारिंगी आणि शेवटी पिवळा अशा पायऱ्या आहेत. चित्रातल्या मडमेसारखे सोनेरी केस एका दिवसात मागाल, तर केसांचा काथ्या होईल. मी लेकीला म्हटले, "आपण काकवीच्या रंगावर थांबायचं. पलीकडे जायचं नाही." तिने मान्य केले.

धनत्रयोदशीला चाचणीसाठी मानेजवळची एक बट घेतली. मधल्या भागावर एक पट्टा लावला, टोकाला दुसरा. अर्ध्या तासाने धुतले. मधला भाग छान तपकिरी उतरला. पण टोक विटेसारखे लाल, आणि ओले असताना ओढले तर रबरासारखे ताणून तुटले! एकाच केसाचे दोन स्वभाव कसे?

"तू मेहंदी लावली होतीस?"

"छे! कधीच नाही."

सासूबाईंनी चकलीचा सोऱ्या खाली ठेवला. "लावली होती की. नागपंचमीला आली होती तेव्हा हाताला लावून उरली, ती मीच तिच्या शेपट्याला फासली. लोखंडी कढईत चहाच्या काढ्यात भिजवलेली, टाकायची कशाला?"

कोडे उलगडले. मेहंदी केसाला धरून बसते, आणि तिच्याबरोबर लोखंडाचा अंश गेला असेल तर पेरॉक्साइड तिथे भलतेच जोराने काम करते. काही विकतच्या मेहंदीत तर धातूंचे क्षारच मिसळलेले असतात; त्यावर पेरॉक्साइड पडले तर केस तापूनही निघतात. त्या एका बटेने आमचे सबंध डोके वाचवले! आता उपाय एकच होता. शेपट्याची टोके, चार-पाच बोटे, कापून टाकायची.

"सणासुदीला कात्री?" हे म्हणाले. "आई, तुम्हीच सांगा हिला."

सासूबाई थोडा वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "माझ्या माहेरी, जुन्नरला, आजोबांची बहीण होती. चौदाव्या वर्षी कपाळ पांढरं झालं. मी पाहिली ती म्हातारी, तांबड्या आलवणातली. दर महिन्याला मागल्या अंगणात न्हावी यायचा, आणि आम्हा पोरांना तिकडे जायची बंदी. एकदा मी फटीतून पाहिलं. ती भिंतीकडे तोंड करून बसली होती. तिचे केस कसे होते, लांब होते की आखूड, कुणालाच आठवत नव्हतं. तिला कुणी विचारलं नव्हतं रे. हिचे केस हिचे आहेत. हिलाच विचारा."

ओसरीवर कोणी बोलले नाही. या चालीला खुद्द नाभिकांनीच विरोध केला होता, हे मी वाचले होते. नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने १८९० साली मुंबईत त्यांनी सभा भरवून विधवांचे केशवपन न करण्याचे ठरवले. पण मुंबईचा ठराव जुन्नरच्या मागल्या अंगणापर्यंत पोचायला किती वर्षे लागली, ते त्या दिवशी मला कळले. आमच्या ह्यांनी मुकाट्याने कात्री आणून लेकीच्या हातात दिली. टोके तिने स्वतःच कापली.

कानामागचा ठिपका खाजला नाही, लाल झाला नाही. पाडव्याला जेवणे उरकल्यावर अंगणात पाट मांडला. संध्याकाळपर्यंत थांबणे शक्यच नव्हते. आमच्या भागात बिबट्याचा वावर, दिवेलागणीनंतर कोणी अंगणात रेंगाळत नाही. पण रंग पारखायला दिवसाचाच उजेड चांगला, आणि या पुडीचा वास नाकातोंडात जाऊ नये म्हणून मोकळी हवाही हवीच. दम्याच्या माणसाने तर या पुडीपासून लांबच राहावे.

करू पाहणाऱ्यांसाठी आमची कृती सांगते. केस आदल्या दिवशी धुऊ नयेत. टाळूवरचा नैसर्गिक तेलकटपणा कातडीला आधार देतो. भांडे काचेचे किंवा प्लॅस्टिकचे घ्यावे, धातूचे कधीही नाही. पेरॉक्साइड '२० व्हॉल्यूम'चे, म्हणजे ६ टक्क्यांचे, पुरे. त्याहून कडक घरी आणूच नये. पूड आणि पेरॉक्साइड यांचे प्रमाण खोक्यावर असेल तेच घ्यावे. मिश्रण चक्क्याइतके घट्ट हवे. ओघळले तर नको तिथे डाग पडतो.

केसांचे चार भाग करून चिमटे लावावेत. करंगळीएवढी बट घ्यावी, तळहातावर ताणून धरावी आणि मुळापासून निदान चार बोटे सोडून ब्रश टेकवावा. वर हात हलका, जवळजवळ कोरडा. टोकाकडे येताना भरपूर. बटेच्या दोन्ही कडा थोड्या वरपर्यंत आणि मधला भाग खाली, असा व्हीसारखा आकार ठेवला की काळ्याची आणि फिक्याची सीमा दिसत नाही. रंगवलेली आणि न रंगवलेली बट यांच्यामध्ये कापसाचा पातळ थर ठेवावा. सगळ्या केसांना हात लावू नये. चेहऱ्याभोवती चार-पाच आणि मागे दहा-बारा बटा पुष्कळ झाल्या.

यानंतरचे काम पाकाचे! पाक एकतारी झाला की आच बंद करावी लागते, तसेच हे. दर पाच मिनिटांनी एक बट पुसून पाहावी. मिश्रण वाळू देऊ नये. वाळले की त्याचे काम थांबते. आणि खोक्यावरची वेळ कधीही ओलांडू नये. माझ्याकडून एक चूक झालीच. शेजारच्या वहिनी फराळाचे ताट घेऊन आल्या, मी पाच मिनिटे बोलत उभी राहिले, आणि डाव्या कानाजवळची बट काकवी सोडून पार संत्र्यावर गेली! छटेने ती थोडी निवली. निळ्या छटेने नारिंगी दबतो आणि जांभळ्या छटेने पिवळा. पण ज्याला ठाऊक आहे त्याला ती बट अजूनही ओळखू येते.

कोमट पाण्याने धुऊन, सौम्य शांपू लावून झाल्यावर लेकीने केस उन्हात मोकळे सोडले. सासूबाईंनी तिला अंगणात उभे करून दोनदा गोल फिरवले. मग म्हणाल्या, "खरंच की! ऊन पडल्यासारखंच दिसतंय." आणि लगेच, "पण आता उटणं केसांना लावू नकोस. हळद धरून बसेल." हे त्यांना कोणी सांगितले नव्हते. ज्या बाईने जन्मभर धुणी धुतली, तिला विरलेले कापड डाग लवकर धरते हे ठाऊक असणारच. उजळलेल्या केसांचेही तसेच आहे.

निगा कशी राखायची याचे उत्तरही फडताळातच होते. २००३ साली आरती रेळे आणि आर. बी. मोहिले या संशोधकांनी खोबरेल, सूर्यफुलाचे तेल आणि खनिज तेल यांची तुलना केली. पेरॉक्साइडने उजळलेल्या केसांतून धुताना जी प्रथिने निघून जातात, ती गळती कमी करण्यात खोबरेलच सरस ठरले. हे संशोधन खोबरेल विकणाऱ्या मॅरिको कंपनीच्या प्रयोगशाळेतले, हे खरे. पण सासूबाईंचा निकाल त्याच्याही आधीचा आहे! धुण्यापूर्वी खोबरेल चोळायचे, ओले केस विंचरायचे नाहीत आणि केस वाळवायच्या यंत्राला हात लावायचा नाही, एवढे लेकीने वर्षभर पाळले. केस तुटले नाहीत.

भाऊबीजेला आलेल्या पाहुण्यांपैकी निम्म्यांच्या ते ध्यानातही आले नाही. तेवढेच तर तिला हवे होते!

परवा सासूबाईंचा फोन आला. फराळाच्या याद्या झाल्या, कांद्याचा भाव झाला. ठेवता ठेवता म्हणाल्या, "तिला सांग, ते खोकं घेऊन ये म्हणावं. यंदा नागपंचमीला मी मेहंदी उरवली नाही."