वीस नख्यांच्या कासवाचा हिशेब

वीस नख्यांचं कासव हाती लागलं की पैशाचा पाऊस पडतो, असं सांगणारे महाराष्ट्रात अजून आहेत आणि त्यांचं ऐकून लाखाची बोली लावणारेही आहेत. अशी टोळी पकडल्याची बातमी पेपरात अधूनमधून येतेच. म्हणून आधी नखांचा हिशेब उरकून घेऊ. तळ्यात, विहिरीत, पाटात जे मऊ पाठीचं पाणकासव आपल्याकडे दिसतं, त्याच्या प्रत्येक पायाला तीनच नखं असतात. चार त्रिक बारा. टणक पाठीच्या काळ्या कासवाला पुढच्या पायांना पाच-पाच आणि मागच्यांना चार-चार, म्हणजे अठरा. कोरड्या रानातल्या स्टार कासवाचीही अठराच. विसाचा आकडा यांच्यापैकी कोणाच्याच वाट्याला आलेला नाही. एखादं अपवादानं तसं निघालं, तर त्याची किंमत सहा बोटांच्या माणसाइतकीच, म्हणजे नवलापुरती.

पावसाची गोष्ट खोटी असली तरी शिक्षा खरी आहे. मऊ पाठीचं पाणकासव वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत, वाघाच्या पंक्तीला आहे. २०२२ च्या दुरुस्तीनंतर अशा गुन्ह्याला तीन ते सात वर्षं कैद आणि किमान २५ हजार रुपये दंड आहे. त्यात मांत्रिक असला तर २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदाही लागू होऊ शकतो.

या पाणकासवाचं शास्त्रीय नाव लिसेमिस पंक्टाटा. पाठीवर खवल्यांऐवजी गुळगुळीत कातडं, नळीसारखं पुढे आलेलं नाक आणि पोटाखाली मागच्या बाजूला कातड्याच्या दोन झडपा. धोका वाटला की मागचे पाय आत ओढून घ्यायचे आणि झडपा लावून घ्यायच्या. बेडूक, गोगलगाई, मासे, पाणवनस्पती, मेलेलं जनावर, याला काहीच वर्ज्य नाही. पाण्याखाली असताना घशाच्या अस्तरातून पाण्यातला थोडा प्राणवायूही घेता येतो. तळं आटलं की चिखलात स्वतःला पुरून घ्यायचं आणि पहिल्या पावसाला उठून दुसरं पाणी शोधायला चालू लागायचं. जूनमध्ये रस्ता ओलांडणारं कासव दिसतं ते बहुधा अशाच प्रवासाला निघालेलं असतं. उन्हाळ्यात पंचेचाळीस अंशांवर तापणाऱ्या मुलखात टिकायचं तर हा स्वभाव हवाच.

कोकणातल्या वेळासचं समुद्री कासव सगळ्यांना ठाऊक झालं. चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेनं २००२ पासून तिथं घरटी राखली आणि पिल्लं समुद्रात जाताना बघायला पुण्या-मुंबईहून गर्दी होऊ लागली. खानदेशातल्या तापीकाठच्या या पाणकासवाचा महोत्सव मात्र कोणी भरवला नाही. त्याची पिल्लं एकदम शेकड्यांनी निघत नाहीत, हे एक कारण. मादी एका वेळी मोजकीच गोल अंडी घालते आणि ती कित्येक महिने मातीत राहतात. आतल्या गर्भाची वाढ मध्येच थांबते आणि हवामान अनुकूल झालं की पुन्हा सुरू होते. समुद्री कासवाची पिल्लं दीड-दोन महिन्यांत बाहेर पडतात. इथे तेवढ्यात काहीच घडलेलं नसतं. तारीख ठरवून पर्यटक बोलवावेत असं हे प्रकरण नाही.

नदी कासवाला कशी घडवते हे पाहायचं तर क्षणभर अमेरिकेत जावं लागेल. तिथे ग्राप्टेमिस नावाची एक प्रजाती आहे. या कासवांच्या पाठीवर आणि मानेवर नकाशातल्या समोच्च रेषांसारख्या पिवळसर रेघा असतात, म्हणून त्यांना नकाशा-कासवं म्हणतात. एकमेकींना समांतर वाहत येऊन मेक्सिकोच्या आखाताला मिळणाऱ्या नद्यांपैकी अनेकींना आपापलं नकाशा-कासव आहे. कड्यांच्या नक्षीचं फक्त पर्ल नदीत, पिवळ्या डागांचं फक्त पॅस्कागूलाच्या खोऱ्यात. दोन खोऱ्यांच्या मधला उंचवटा ओलांडून ही कासवं जात नाहीत, त्यामुळे लाखो वर्षांत प्रत्येक नदीत वेगळी जात झाली. काही जातींत मादी नराच्या दुप्पट मोठी होते आणि तिचं डोकं इतकं रुंद की शिंपले-गोगलगाई ती सहज फोडते; नर मात्र किडे वेचत बसतो. एकाच नदीत नवरा-बायकोची पंगत वेगळी. अंड्यातून नर निघणार की मादी हेही वाळूच्या उष्णतेवर ठरतं; वाळू जास्त तापली तर माद्या. मऊ पाठीच्या कासवांच्या कुळात ज्या जाती तपासल्या गेल्या, त्यांत हा निर्णय जनुकंच करतात.

नकाशा-कासवांसारखीच शरीरयष्टी आपल्याकडे सातपुड्याच्या पलीकडे, नर्मदेत आहे. पाठीवर मधोमध कणा उंचावलेली, ओंडक्यावर ऊन खात बसणारी ती छपरी कासवं. कूळ वेगळं, खंड वेगळा, पण वाहत्या नदीत राहून घाट तसाच आला. महाराष्ट्राच्या वाट्याला आणखी एक मोठं नदीकासव आलं, लेथचं मऊ कवचाचं कासव. मुंबईतले डॉक्टर अँड्र्यू लेथ यांचं नाव देऊन जॉन ग्रे यांनी १८७२ मध्ये त्याचं वर्णन केलं, ते पुण्याच्या नमुन्यावरून. आज ते अतिसंकटग्रस्त आहे. २०२२ मध्ये पनामात भरलेल्या वन्यजीव-व्यापारविषयक परिषदेत त्याचा आंतरराष्ट्रीय व्यापार जवळपास पूर्ण बंद करण्यात आला.

आता आपल्या तापीकडे पाहा. मुलताईहून निघून सुरतेपाशी समुद्राला मिळेपर्यंत ७२४ किलोमीटर. चांगदेवला पूर्णा येऊन मिळते, पुढे वाघूर, गिरणा, बोरी, अनेर, मुडावदला पांझरा. नकाशावर ही एक अखंड रेघ आहे. प्रत्यक्षात हतनूर, सुलवाडे, सारंगखेडा, प्रकाशा आणि पुढे उकाई अशा भिंतींनी तिचे तुकडे झाले आहेत. गिरणेचं पात्र तर धरणातून आवर्तन सुटलं की वाहतं, एरवी वाळूच वाळू. आणि ती वाळूही जागेवर राहत नाही. रात्री वाळू नेणाऱ्या ट्रॅक्टर-डंपरांबद्दल जळगावकरांना मी सांगायला नको. वाळू गेली की फक्त पाणी धरून ठेवणारी जागा जात नाही, नदीकाठी अंडी घालणाऱ्या मादीची कोरडी, उकरता येण्यासारखी जागाही जाते.

आपण कासवाकडे पाण्यातला जीव म्हणूनच पाहतो आणि फसतो. कासव माशासारखं पाण्यात अंडी घालत नाही. त्याला पाण्याइतकाच काठ लागतो. मऊ मातीचा, चढता येईल असा, नांगर आणि जेसीबी न फिरलेला. हे ध्यानात घेतलं की खानदेशातली पाणी साठवण्याची रीत कासवाच्या डोळ्यांनी वेगळी दिसू लागते.

पांझरेवरची फड पद्धत घ्या. नदीत ठेंगणे दगडी बंधारे, त्यांतून निघणारे मातीचे पाट, पाळीनं पाणी देणारा पाटकरी आणि गावानं मिळून कसलेले फड. तीन-चारशे वर्षं हा कारभार चालला. तो शेतकऱ्यासाठी होता, कासवासाठी नव्हे. पण ठेंगणा बंधारा आणि झिरपणारा मातीचा पाट म्हणजे कासवालाही रस्ता होता. पाण्याची बचत म्हणून पाटांना सिमेंटचं अस्तर आलं, पुढे बंद नळ आले. बचत खरीच आहे, तिला नाव ठेवता येणार नाही. फक्त नळातून कासव जात नाही.

शेततळ्याचं तसंच. २०१६ मध्ये ‘मागेल त्याला शेततळे’ योजना आली. पाणी झिरपू नये म्हणून अनेक तळ्यांना प्लास्टिकचं अस्तर असतं. उतार निसरडा, नखं रुतत नाहीत. आत पडलेलं कासव, मुंगूस, कधी माणूसही बाहेर येऊ शकत नाही. एका कोपऱ्यात जाड दोरांची जाळी किंवा गोणपाट उतरवून बांधलं तर बाहेर पडायला वाट होते. खर्च नगण्य.

विहिरीत कासव सोडायची जुनी रीत मात्र मला कधीच पटलेली नाही. पाणी स्वच्छ राहतं, शुभ असतं, अशी समजूत. बांधीव विहिरीत ते वर्षानुवर्षं जगतंही, पण मादी असली तर तिला अंडी घालायला मातीच नाही. देवळाच्या सभामंडपातल्या दगडी कासवावर आपण डोकं टेकवतो आणि जिवंत कासवाला आडात जन्मठेप देतो.

यात पाहुण्याचा उपद्रव वेगळा. मत्स्यालयाच्या दुकानात रुपयाएवढं हिरवं पिल्लू मिळतं, कानामागे लाल पट्टा. ते मिसिसिपीच्या खोऱ्यातलं, नकाशा-कासवांच्याच कुळातलं. अशा पिल्लांमुळे मुलांना साल्मोनेलाची बाधा होते, म्हणून अमेरिकेनं १९७५ मध्ये चार इंचांखालच्या कासवांची विक्री बंद केली. युरोपीय संघानं १९९७ मध्ये लाल पट्टेवाल्याची आयात थांबवली. आपल्याकडे ते वाढून ताटाएवढं झालं की घरचे कंटाळतात आणि पुण्य म्हणून तलावात सोडतात. तिथे ते आपल्या कासवांच्या खाण्यावर आणि ऊन खायच्या जागेवर हक्क सांगतं. ते घरीच सांभाळावं, नाहीतर वनविभागाला विचारावं. तलावात सोडू नये.

आपलं पाणकासव रस्त्यात भेटलं तर ज्या दिशेला तोंड करून चाललं असेल, त्याच बाजूला रस्त्याच्या पलीकडे ठेवावं. मान लांब असते आणि चावा जोराचा, म्हणून मागच्या बाजूनं धरावं. लांबच्या धरणात नेऊन सोडण्याचा उत्साह आवरावा, त्याला जवळचं पाणी ठाऊक असतं. जखमी असेल किंवा कोणी विकत असेल, तर महाराष्ट्र वनविभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवावं. पलीकडून कोणी नखं किती असं विचारणार नाही.