वेरूळची बस, दौलताबादचा हौद आणि गाइडचे दोन तास

छत्रपती संभाजीनगरहून, म्हणजे जुन्या औरंगाबादेतून, वेरूळला गाइडसह जाणारी एक दिवसाची सहल आपल्यापैकी बहुतेकांनी कधी ना कधी केलेली असते. कधी एसटीची बस, कधी खासगी कंपनीची, कधी शाळेने ठरवलेली. ठिकाणे थोड्याफार फरकाने तीच असतात. दौलताबादचा किल्ला, वेरूळची लेणी, घृष्णेश्वर, खुलताबाद, आणि परतताना बीबी का मकबरा व पाणचक्की. सकाळी निघायचे, अंधार पडेपर्यंत परत. आपल्या विहारांच्या, महिला मंडळांच्या आणि वसतिगृहांच्या सहलीही आता याच मार्गाने जातात. म्हणून ही सहल कशी चालते, तिच्यात काय बसते, काय बसत नाही आणि का, हे नीट समजून घ्यायला हवे.

सुरुवात या रस्त्याच्या एका जुन्या सहलीपासून करू. १९३४ साली चळवळीतल्या काही कार्यकर्त्यांनी बाबासाहेबांकडे आग्रह धरला की आपण सगळे मिळून एकदा फिरायला जाऊ. वेरूळची बौद्ध लेणी पाहायची, हा त्यातला मुख्य बेत. तीसेक माणसे नाशिकहून बसने निघाली आणि येवल्यावरून औरंगाबादच्या दिशेने आली. (याच येवल्यात पुढच्या वर्षी, १३ ऑक्टोबर १९३५ रोजी, धर्मांतराची घोषणा झाली.) सहलीचा कार्यक्रम त्यांनी मुद्दाम जाहीर केला नव्हता. अस्पृश्य प्रवाशाला गावोगाव ज्या अडचणी येतात त्या टाळायच्या, तर आपण कोण हे न सांगता जाणेच बरे, असा विचार होता. औरंगाबाद तेव्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होते.

दौलताबादच्या किल्ल्याच्या दाराशी पाण्याने भरलेला हौद होता. प्रवासाच्या धुळीने माखलेल्या काही जणांनी तिथे हातपाय-तोंड धुतले. तेवढ्यात एक वृद्ध मुसलमान ओरडत धावत आला. धेडांनी पाणी बाटवले, असे तो ओरडत होता. लोक जमले, शिवीगाळ झाली. आमच्यातला कुणी उद्या मुसलमान झाला तर त्यालाही तुम्ही या पाण्यापासून अडवाल का, अशा अर्थाचा प्रश्न बाबासाहेबांनी विचारला तेव्हा जमाव गप्प झाला. किल्ल्यात जायला परवानगी मिळाली ती आत कुठेही पाण्याला हात लावायचा नाही या अटीवर. वर सोबत एक हत्यारबंद शिपाई दिला.

ही हकीकत बाबासाहेबांनी ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या छोट्या आत्मकथनात स्वतः लिहून ठेवली आहे. महाराष्ट्र शासनाच्या समग्र वाङ्मयाच्या १२ व्या खंडात ते आहे. म्हणजे पुरावा शोधायला जायची गरज नाही. तरीही रोज हजारो पर्यटक त्या दारातून आत जातात, तोफा पाहतात, अंधारी वाट पाहतात, चांदमिनारासमोर फोटो काढतात, आणि आधुनिक भारताच्या एका शिल्पकाराला इथे पाण्यावरून अडवले होते हे त्यांना कुणी सांगत नाही. त्याच दिवशी संध्याकाळी पाणचक्कीवर मात्र डोंगरातून मातीच्या नळांनी पाणी कसे आणले, हे गाइड रंगवून सांगतो. पाण्याच्या अभियांत्रिकीला सहलीत जागा आहे, पाण्याच्या समाजशास्त्राला नाही.

इथे एक इशारा द्यावासा वाटतो. हा प्रसंग अलीकडे व्हॉट्सॲपवर एकटाच कापून फिरवला जातो, मुसलमानांविरुद्ध वापरायला. ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ पूर्ण वाचले तर त्यात सहा प्रकरणे आहेत. लहानपणी मसूर स्टेशनवर बैलगाडी न मिळणे, बडोद्यात पारशांच्या धर्मशाळेतून हाकलले जाणे, चाळीसगावात टांगेवाल्यांचा नकार, काठियावाडात बाळंतिणीला हात न लावणारा डॉक्टर. दौलताबाद हा त्या साखळीतला एक दुवा आहे. जात हिंदू समाजात जन्मली आणि शेजाऱ्यांपर्यंत पसरली, हे दाखवण्यासाठी तो लिहिला आहे. सहलीत तो सांगायचा तर बाकीच्या पाचांसकट सांगा.

आता गाइडविषयी. आपल्या तरुणांची पहिली प्रतिक्रिया असते की गाइड मुद्दाम लपवतो. काही ठिकाणी तसे असेलही. पण वस्तीतल्या मुलामुलींच्या गटांबरोबर ही सहल करताना मला दिसलेले कारण जास्त साधे आहे, ते म्हणजे वेळ आणि प्रवेशद्वार. पाच-सहा ठिकाणे एका दिवसात कोंबली की वेरूळला दीड-दोन तास मिळाले तर पुष्कळ. वेरूळचे मुख्य प्रवेशद्वार उघडते ते थेट १६ क्रमांकासमोर, म्हणजे कैलास लेण्यासमोर. तिथे तासभर जातो. मग गाइड उजवीकडे १० क्रमांकापर्यंत नेतो, काही जण ३२ क्रमांकाची जैन लेणी दाखवतात, आणि ड्रायव्हर हॉर्न वाजवायला लागतो. कैलास पाहू नका असे मी म्हणत नाही. एकाच खडकातून वरून खाली कोरत आणलेले ते काम अचंबित करणारेच आहे. पण वेरूळची क्रमांक दिलेली ३४ लेणी आहेत आणि त्यांतली पहिली १२ बौद्ध आहेत. बसच्या सहलीत त्या १२ पैकी बहुधा एकच दिसते.

ती एक म्हणजे विश्वकर्मा लेणी. वेरूळचे एकमेव चैत्यगृह. छताला दगडातच लाकडी तुळयांसारख्या कमानी कोरल्या आहेत, म्हणून तिला ‘सुताराची झोपडी’ म्हणतात. सुतार समाजाचे लोक इथल्या बुद्धमूर्तीला विश्वकर्मा मानून पूजायला येत असत. आवाज घुमतो म्हणून काही गाइड इथे त्रिसरणाची एक ओळ म्हणून दाखवतात. लोक टाळ्या वाजवतात आणि पुढे जातात. ओळ कानावर पडते, तिचा अर्थ मात्र कुणी सांगत नाही.

या एका उदाहरणात नाव कसे काम करते ते दिसते. बुद्ध तिथेच बसलेला आहे, धम्माचा उपदेश करणाऱ्या मुद्रेत. पण पाटीवर आणि तोंडी नाव वेगळेच. ६ क्रमांकाच्या लेणीत मोर सोबत असलेली एक देवी आहे, तिच्या पायाशी एक जण ग्रंथ वाचतो आहे. जुन्या पुस्तकांनी तिला सरस्वती म्हटले. अभ्यासक आता तिला महामायूरी ही बौद्ध देवता मानतात. ११ क्रमांकाचे नाव ‘दोन ताल’ आहे, कारण खालचा मजला गाळात बुजला होता. तो १८७६ मध्ये उघडा झाला, लेणी तीन मजली निघाली, तरी नाव दोनच मजल्यांचे राहिले. नाव एकदा चिकटले की वस्तुस्थिती बदलूनही निघत नाही!

आणि आता ती नावे, जी गाइड उच्चारतच नाही. दक्षिण टोकाची, म्हणजे सर्वात आधीची बौद्ध लेणी जुन्या काळी ‘धेडवाडा’ या नावाने ओळखली जात. ५ क्रमांकाच्या लेणीला ‘महारवाडा’ म्हणत. एकोणिसाव्या शतकात जेम्स बर्जेस यांनी वेरूळची नोंद केली तेव्हा ही नावे लोकांच्या तोंडी होती आणि त्यांनी ती छापली. दौलताबादच्या हौदावर बाबासाहेबांच्या सोबत्यांना उद्देशून जो शब्द ओरडला गेला, तोच शब्द ते पाहायला निघालेल्या लेण्यांना चिकटलेला होता.

५ क्रमांकाची लेणी शंभर फुटांहून अधिक खोल आहे. मधोमध दगडाचे दोन लांब, बुटके कट्टे समांतर गेले आहेत. भिक्खू समोरासमोर रांगेत बसून भोजन करत असावेत किंवा एकत्र पठण-अध्ययन करत असावेत, असे दोन तर्क आहेत. कान्हेरीच्या ११ क्रमांकाच्या लेणीतही असेच कट्टे आहेत. समतेने एका पंगतीला बसण्याची जागा, आणि तिचे नाव महारवाडा. पावसाळ्यात महार लोक तिथे आसरा घेत म्हणून हे नाव पडले, असे सांगितले जाते.

या नावावरून आपल्याकडे काही वक्ते थेट निष्कर्ष काढतात की इथले भिक्खू महारच होते. माझे मत वेगळे आहे. अस्पृश्य हे मुळात बौद्ध असलेले ‘ब्रोकन मेन’, असा सिद्धांत बाबासाहेबांनी १९४८ च्या ‘द अनटचेबल्स’ या ग्रंथात मांडला आहे आणि तो त्याच्या पुराव्यांसह वाचावा. पण लेण्याचे लोकांनी पाडलेले नाव त्या सिद्धांताचा पुरावा होत नाही. लेणी कोरली गेल्यानंतर शेकडो वर्षांनी आसपासच्या गावांनी तिच्याकडे कसे पाहिले, एवढेच ते सांगते. गावाच्या मनात टाकलेल्या देवाची जागा आणि टाकलेल्या माणसाची जागा एकच होती. हेच केवढे मोठे आहे! त्यावर आणखी मजले चढवले की कुणीतरी एक मजला पाडतो आणि सगळेच खोटे ठरवतो. गाइडच्या मौनाला आपण अतिशयोक्तीने उत्तर देऊ नये.

शहरात परत येऊ. बस बीबी का मकबऱ्याशी थांबते. मकबऱ्याच्या पाठीमागच्या डोंगरात, अवघ्या दोन-तीन किलोमीटरवर, औरंगाबाद लेणी आहेत. सगळीच बौद्ध. आपण त्यांना बुद्धलेणी म्हणतो आणि अशोक विजयादशमीला पायथ्याशी मोठी गर्दी करतो. पण एरवी सहलीच्या बसेस वर जात नाहीत, कारण पायऱ्या आहेत आणि दोन गट एकमेकांपासून लांब आहेत. ४ क्रमांकाचे चैत्यगृह सर्वात जुने. ३ क्रमांकात बुद्धासमोर गुडघे टेकून बसलेले स्त्री-पुरुष जवळजवळ माणसाच्याच आकाराचे आहेत. त्यांच्या केशरचना, दागिने, चेहरे सगळे निरनिराळे. राजा-राणी म्हणून नव्हे, उपासक म्हणून ते तिथे आहेत. ७ क्रमांकाच्या दाराशी अवलोकितेश्वर उभा आहे आणि त्याच्या दोन्ही बाजूंना आठ संकटे कोरली आहेत. आग, तलवार घेतलेला लुटारू, बेड्या, बुडणारे जहाज, सिंह, साप, पिसाळलेला हत्ती आणि मृत्यूची राक्षसी. व्यापारी मार्गावरच्या प्रवाशांची ही भीती. प्रवासाला निघालेल्या मुलांना हे शिल्प न सांगताही कळते, असा माझा अनुभव आहे.

डोंगरावरून उतरले की विद्यापीठाचा परिसर आणि नागसेनवन. पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९५० मध्ये इथे महाविद्यालय सुरू केले. १ सप्टेंबर १९५१ रोजी राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते कोनशिला बसली. प्रश्न विचारणारा मिलिंद राजा आणि उत्तर देणारे भदंत नागसेन, ही दोन नावे बाबासाहेबांनी निवडली. मराठवाड्यातल्या खेड्यांतून आलेली आपली पहिली पदवीधर पिढी इथे शिकली. शेजारचे विद्यापीठ १९५८ चे. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने नामांतराचा ठराव केला आणि मराठवाड्यातल्या दलित वस्त्या पेटल्या. १४ जानेवारी १९९४ ला नामविस्तार झाला. विद्यापीठाची कमान कुठल्याही पर्यटन पत्रकात ‘स्थळ’ म्हणून येत नाही. पण ऐतिहासिक शहर म्हणजे फक्त चारशे वर्षांपूर्वीचे दरवाजे, असे कुणी ठरवले?

म्हणून विहाराची किंवा वसतिगृहाची सहल ठरवताना तयार पॅकेज घेऊ नका. बस पूर्ण भाड्याने घ्या आणि दिवस दोन ठेवा. पहिला दिवस नागसेनवन, विद्यापीठ आणि बुद्धलेणीला. दुसरा दिवस दौलताबाद आणि वेरूळला. इतकेच, बाकी ठिकाणे गाळा. वेरूळला तिकीट काढून आत गेल्यावर कैलासकडे न जाता उजवीकडे वळा आणि १ पासून सुरुवात करून १२ वर या. तीन मजली १२ क्रमांकाच्या जिन्यांत अंधार असतो, बॅटरी हवी. म्हातारी माणसे असतील तर त्यांना २, ५ आणि १० पुरेत. लेण्यांत मेणबत्ती, अगरबत्ती लावू नका. धुराचा थर दगडावर बसतो आणि तो आपल्याच वारशावर बसतो.

गाइड घ्यायचाच. त्याच्या पोटावर पाय देण्यात काही क्रांती नाही. फक्त आधी बोलून घ्या की आम्हाला बौद्ध लेणी सविस्तर पाहायची आहेत. नियमित येणाऱ्या गटांनी मागणी केली की गाइड वाचू लागतात, हे मी पाहिले आहे. याहून महत्त्वाचे म्हणजे आपल्या मुलामुलींनी या व्यवसायात उतरावे. पैसे घेऊन गाइडचे काम करायला परवाना लागतो. केंद्रीय पर्यटन मंत्रालयाचा ऑनलाइन प्रशिक्षणक्रम आहे, त्याच्या अटी अर्जाच्या वेळी पाहून घ्याव्यात. इतिहास, पाली किंवा समाजशास्त्र घेऊन बी.ए. झालेले आणि स्पर्धा परीक्षेच्या चौथ्या-पाचव्या वर्षात अडकलेले कितीतरी तरुण आपल्या वस्त्यांत आहेत. इंग्रजीबरोबर थाई, जपानी, सिंहली यांपैकी एखादी भाषा बोलण्यापुरती आली तर त्या देशांच्या उपासकांना त्यांचा उपयोग होईल.

वेरूळ मंगळवारी बंद असते. १४ जानेवारीला विद्यापीठाच्या गेटवर अभिवादनाची गर्दी असते, त्या दिवशी जायचे तर बस लांब उभी करून चालत जायची तयारी ठेवा. आणि ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’मधला दौलताबादचा भाग थोड्याच पानांचा आहे. किल्ल्याच्या वाहनतळावर गाडी लागण्याआधी, चालत्या बसमध्येच कुणीतरी तो मोठ्याने वाचावा. खाली उतरल्यावर फेरीवाले आणि तिकिटाची रांग असते, तिथे कुणाचे लक्ष राहत नाही.