शुक्रवारी जन्मलेले सिंहासन

संयुक्त राष्ट्रांचे माजी सरचिटणीस कोफी अन्नान यांचा जन्म कोणत्या वारी झाला, असे कुणी विचारले तर पंचांग शोधायला नको. उत्तर त्यांच्या नावातच आहे. पश्चिम आफ्रिकेतल्या घाना देशात अकान भाषा बोलणाऱ्या लोकांमध्ये मुलाला जन्मवाराचे नाव मिळते. कोफी म्हणजे शुक्रवारचा, क्वामे शनिवारचा, कोजो सोमवारचा. आपल्याकडेही सोमा, मंगळ्या, बुधा अशी नावे होती, खेड्यापाड्यांत अजून आहेत. पण अकान लोकांनी हे नाव एका आसनालाही दिले, आणि त्या आसनापायी एक युद्ध झाले.

अकानांपैकीच एक असांते. 1701 मध्ये त्यांनी डेंकिरा या बलाढ्य शेजाऱ्याचा पराभव केला आणि कुमासी ही राजधानी असलेले राज्य भरभराटीला आले. राजा होता ओसेई टुटू, आणि त्याचा सल्लागार ओकोम्फो अनोक्ये नावाचा पुरोहित. कथा अशी की, एका शुक्रवारी अनोक्येने आकाशातून सोन्याचे आसन उतरवले आणि ते राजाच्या मांडीवर अलगद टेकले. म्हणून त्याचे नावही कोफी! साऱ्या असांते लोकांचा आत्मा या आसनात आहे, अशी श्रद्धा. त्यावर कुणी बसायचे नाही, राजानेसुद्धा नाही. नव्या राजाला त्याच्यावर नुसते धरतात, स्पर्श होऊ देत नाहीत. राजे येतील आणि जातील, आसन मात्र राहील. वारसाही बापाकडून नव्हे, आईच्या कुळातून येतो आणि राजमाता उमेदवाराचे नाव सुचवते.

हे सारे इंग्रजांना समजले नाही, किंवा समजून घ्यायची गरज वाटली नाही. 1874 मध्ये जनरल वुल्झलीच्या फौजेने कुमासी जाळली, राजवाडा सुरुंगाने उडवला आणि 50,000 औंस सोन्याची खंडणी लादली. लुटीतले दागिने लंडनच्या जवाहिऱ्याच्या दुकानात विक्रीला गेले. 1896 मध्ये पुन्हा फौज आली. या वेळी तरुण राजा प्रेंपेह लढला नाही. लढाई झाली तर सुवर्णासन हातचे जाईल, अशी भीती त्याला होती, असे असांते सांगतात. त्याला आई-वडिलांसह अटक झाली. आधी किनाऱ्यावरच्या एल्मिना किल्ल्यात, मग सिएरा लिओनला आणि 1900 मध्ये हिंदी महासागरातल्या सेशेल्स बेटांवर त्याची रवानगी झाली. राजाला ठार मारले तर तो हुतात्मा होतो. दूर बेटावर ठेवला की हळूहळू विस्मरणात जातो, हा हिशेब. ब्रह्मदेशच्या थिबा राजाला रत्नागिरीत ठेवले, तेही याच हिशेबाने.

मार्च 1900 मध्ये गव्हर्नर हॉजसन कुमासीत आला आणि सरदारांच्या सभेत त्याने ते आसन मागितले. राणीच्या प्रतिनिधीला त्यावर बसण्याचा अधिकार आहे, असे त्याचे म्हणणे. कुणाच्या देवघरात जाऊन पाट मागावा तसा हा प्रकार! सरदार गप्प राहिले. पण एजिसू गावची राजमाता या आसांतेवा पुढे झाली. (या म्हणजे गुरुवारी जन्मलेली.) तिच्या नातवालाही प्रेंपेहबरोबर हद्दपार केले होते. तिच्या नेतृत्वाखाली असांतेंनी गव्हर्नरला कुमासीच्या किल्ल्यात कोंडले. अखेर बंड मोडले, राज्य खालसा झाले आणि ती सेशेल्सला गेली. 1921 मध्ये तिचा तिथेच अंत झाला. पण आसन? ते इंग्रजांना कधीच मिळाले नाही. जमिनीत पुरले होते. 1920 च्या सुमारास रस्ता खोदणाऱ्या मजुरांना ते सापडले, काहींनी त्यावरचे सोने लुबाडले आणि असांतेंमध्ये संतापाची लाट उसळली. या वेळी सरकारने शहाणपण दाखवले : आसनावर हक्क सांगणार नाही, असे जाहीर केले. प्रेंपेह 1924 मध्ये परतला, तोही खासगी नागरिक म्हणून. असांतेहेने, म्हणजे सर्व असांतेंचा राजा, हे पद 1935 मध्ये त्याच्या वारसाला परत मिळाले.

आता या कथेची दुसरी बाजू. असांते राजांनी युद्धकैदी किनाऱ्यावरच्या युरोपीय व्यापाऱ्यांना विकले, आणि त्यांच्याकडून बंदुका घेतल्या. विकलेले लोक जमैकात गेले, तिथे जन्मवाराची नावे घेऊनच. जमैकाच्या डोंगरात इंग्रजांना जेरीस आणून 1739 चा तह करायला लावणारा कुजो हा मूळचा कोजोच. पण तिथेच क्वाशी, म्हणजे रविवारचा, हा शब्द मळ्यांच्या मालकांनी मूर्ख या अर्थाची शिवी करून टाकला. नावातून माणूस आठवतो, तसा नावातूनच हीनही ठरवला जातो.

त्यांचे वंशज आज परत येतात. अमेरिकेतला विचारवंत डू बॉईस 1963 मध्ये घानाचा नागरिक झाला आणि त्याच वर्षी अक्रामध्ये वारला. 2019 हे घानाने परतीचे वर्ष म्हणून साजरे केले. व्हर्जिनियात 1619 मध्ये आफ्रिकी गुलाम उतरल्याला तेव्हा 400 वर्षे होत होती. नोव्हेंबर 2024 मध्ये 524 जणांना नागरिकत्व मिळाले. त्याच वर्षी ब्रिटनच्या दोन संग्रहालयांनी 32 असांते वस्तू कुमासीला पाठवल्या, त्याही उसन्या! त्या देशाचा कायदा कायमचे देऊ देत नाही.

हे पाहुणे एल्मिना किल्ला आवर्जून पाहतात. तळघरातल्या कोठड्या, तिथून समुद्राकडे उघडणारे चिंचोळे दार. पोर्तुगीजांनी 1482 मध्ये बांधलेल्या याच किल्ल्यातून माणसे जहाजांवर चढवली गेली. याच किल्ल्यात, वरच्या मजल्यावर, प्रेंपेहला कैदेत ठेवलेली खोलीही दाखवतात.