ट्रकचा गिअर का सटकतो?

यवतमाळ जिल्ह्याच्या नकाशात वणी शोधा. त्याच्या जवळच राजूर आहे. लोक त्याला 'राजूर कॉलरी' म्हणतात, कारण गाव ओळखलं जातं ते कोळशाच्या खाणीमुळे. वर्धा नदीच्या खोऱ्यातला कोळशाचा पट्टा या बाजूने गेला आहे. जोडीला चुनखडीही आहे, म्हणून चुन्याच्या भट्ट्या आल्या. आणि कोळसा, चुना म्हटलं की ट्रक आलेच. या रस्त्यावर उभं राहून ट्रक मोजायला लागलात, तर बोटं पुरणार नाहीत.

ट्रक आले की गॅरेजही आलं. अशाच एका गॅरेजात एक ट्रक उभा होता. त्याची तक्रार एका वाक्याची होती : तिसरा गिअर सटकतो.

सटकतो म्हणजे काय? ड्रायव्हरने गिअर टाकलेला असतो, ट्रक चालू असतो, आणि मध्येच 'खट्' असा आवाज होऊन दांडा आपोआप मधल्या जागी, म्हणजे न्यूट्रलला येतो. इंजिन नुसतंच भोंगावतं, चाकांना जोर मिळत नाही. सपाट रस्त्यावर ही फक्त कटकट आहे. पण या भागात उकणी, निलजई अशा उघड्या खाणी आहेत. उघडी खाण म्हणजे एक अवाढव्य खड्डा, आणि भरलेली गाडी बाहेर काढायची ती चढावरून. दोन अ‍ॅक्सलच्या ट्रकचं मालासकट वजन पूर्वी १६.२ टनांपर्यंत चालायचं, २०१८ साली ही मर्यादा आणखी वाढवली गेली. एवढं वजन चढावर असताना गिअर सटकला, तर ट्रक थांबतो आणि मग मागे येऊ लागतो. मागे दुसरा ट्रक असतोच.

त्या दिवशी गॅरेजात तुमच्याच वयाचा एक मुलगा होता. वडिलांचा डबा घेऊन आला होता. वडील त्याच ट्रकचे ड्रायव्हर. डबा देऊन झाला तरी तो काही हलेना. मिस्त्री झाकणाचे बोल्ट खोलत होते आणि हा वाकून वाकून बघत होता.

"काका, गिअर सटकते म्हंजे आतमंदी काय सटकते?"

प्रश्न अगदी बरोबर होता. आपणही आधी तेच पाहू.

आपल्याला वाटतं, गिअर बदलला की आतली चाकं एकमेकांपासून दूर होतात आणि दुसरी चाकं एकमेकांत अडकतात. फार पूर्वी तसंच होतं. १८९०च्या सुमारास फ्रान्समध्ये पानार आणि लव्हासोर यांच्या मोटारींत अशी सरकणारी दातेरी चाकं होती, आणि गिअर बदलताना दात दातांवर खडखडून आपटायचे. आजच्या ट्रकमध्ये पुढच्या गिअरांची बहुतेक दातेरी चाकं कायमची एकमेकांत अडकलेली असतात. ती सगळीच फिरत असतात, फक्त मधल्या शाफ्टवर ती सैल असतात. शाफ्टला ज्याची गाठ पडेल, तो गिअर 'पडला'.

ही गाठ मारते ती स्लीव्ह, म्हणजे एक जाड कडं. हे कडं शाफ्टबरोबर फिरतं आणि त्याच्यावर पुढेमागे सरकूही शकतं. कड्याच्या आतून दाते असतात. ते सरकून शेजारच्या गिअरच्या छोट्या दातांवर चढलं, की गिअर आणि शाफ्ट एकजीव होतात. दोघांचा वेग आधी जुळावा म्हणून मध्ये पितळेसारख्या धातूची एक कडी असते. ही वेग जुळवायची युक्ती अमेरिकेतल्या कॅडिलॅक कंपनीने १९२८ साली मोटारीत आणली. पण तो वेगळा विषय झाला, पुन्हा कधीतरी.

आता अडचण बघा. कडं तर गरागरा फिरतंय, ते सरकवायचं कसं? हाताने धरता येत नाही. म्हणून कड्याच्या बाहेरून सगळीकडे एक खाच कोरलेली असते, आणि त्या खाचेत एक काटा बसवलेला असतो. काटा इंग्रजी यू अक्षरासारखा असतो. त्याचे दोन पाय खाचेत, आणि डोकं एका लोखंडी दांडीवर घट्ट बसवलेलं. ड्रायव्हरने दांडा हलवला की दांडी सरकते, दांडीबरोबर काटा आणि काट्याबरोबर कडं. कडं फिरतं, काटा फिरत नाही. गॅरेजात याला 'फोर्क' म्हणतात, आपणही तसंच म्हणू.

पाच पुढचे गिअर आणि एक मागचा, असे सहा झाले. बहुतेक अशा गिअरबॉक्समध्ये फोर्क तीनच असतात. एक फोर्क कडं पुढे ढकलून एक गिअर टाकतो, मागे ढकलून दुसरा. तीन दुणे सहा!

घरी करून बघायचं असेल तर शिलाईच्या दोऱ्याचं रिकामं रीळ घ्या. पेन्सिलीला कागद गुंडाळून रीळ त्यावर घट्ट बसवा. मित्राला पेन्सिल तळहातांमध्ये धरून जोरात फिरवायला सांगा. तुम्ही अंगठा आणि तर्जनी रिळाच्या खाचेत ठेवा आणि रीळ हळूच बाजूला ढकला. सहज सरकेल. आता सरकवून झाल्यावरही बोटं कडेवर दाबूनच ठेवा. थोड्या वेळात बोटं गरम लागतील. हे गरम लागणं लक्षात ठेवा.

इकडे झाकण निघालं होतं. या ट्रकमध्ये झाकणाबरोबर तिन्ही फोर्क वर आले. सगळ्याच ट्रकमध्ये असं नसतं, काहींत अख्खा गिअरबॉक्स खाली उतरवावा लागतो आणि त्याला जॅक लागतो, दोन-तीन दणकट माणसंही लागतात. मिस्त्रींनी सगळं डिझेलने धुतलं, मधला फोर्क पुसून मुलाच्या हातात दिला.

"पाह्य. दोन्ही बाजू सारख्या हायेत का?"

नव्हत्या. पायांची एक बाजू गुळगुळीत पण जाड होती. दुसरी, म्हणजे तिसऱ्या गिअरकडची, झिजून पातळ झाली होती आणि तिथे निळसर झाक होती. लोखंड फार तापलं की असा निळा रंग येतो.

मुलाने वडिलांकडे पाहिलं. वडिलांनी दुसरीकडे.

कारण मिस्त्री पुढे काय म्हणणार, ते त्यांना ठाऊक होतं. "गाडी चालवताना हात कुठं राह्यते भाऊ तुमचा? दांड्यावर?"

बसमध्ये किंवा ट्रकमध्ये बसलात तर बघा, कितीतरी ड्रायव्हर गिअर टाकून झाल्यावरही डावा हात दांड्यावर ठेवून देतात. आरामासाठी. पण हाताचं ते वजन दांड्याच्या लांबीमुळे तरफेसारखं वाढतं आणि फोर्कवर जातं. फोर्क फिरत्या कड्याच्या भिंतीला घासत राहतो.

किती घासतो? चला, हिशेब करू. ट्रकच्या चाकाचा घेर साधारण ३ मीटर धरा. ताशी ३६ किलोमीटर म्हणजे मिनिटाला ६०० मीटर, म्हणजे चाकाचे २०० फेरे. मागच्या डिफरन्शियलमध्ये वेग साधारण सहा पटींनी कमी होतो असं धरलं, तर गिअरबॉक्समधून बाहेर येणारा शाफ्ट आणि त्यावरचं आपलं कडं मिनिटाला १२०० फेरे मारतंय. कड्याच्या खाचेचा व्यास १२ सेंटिमीटर धरला, तर घेर झाला जवळजवळ ३८ सेंटिमीटर. १२०० गुणिले ३८ सेंटिमीटर म्हणजे ४५६ मीटर, एका मिनिटात. तासाचे झाले २७ किलोमीटर! ट्रक ३६ किलोमीटर जातो तेव्हा फोर्कच्या पायाखालून २७ किलोमीटर लोखंड सरकून जातं. रिळावरचं बोट आठवतंय ना?

"फोर्काचं काम ढकलाचं," मिस्त्री म्हणाले. "धरून ठेवाचं नाही. झोक्याले धक्का देल्ला का आपण बाजूले होतो, तसं."

मग गिअर जागेवर धरून कोण ठेवतं? दोघं जण. पहिला, एक छर्रा. फोर्कच्या दांडीला तीन खळगे असतात आणि स्प्रिंगच्या जोराने एक पोलादी छर्रा त्यात बसतो. पंख्याच्या जुन्या रेग्युलेटरची कळ फिरवताना प्रत्येक आकड्यावर 'टक' होतं ना, तसंच. मधल्या खळग्यात न्यूट्रल, कडेच्या दोन खळग्यांत दोन गिअर. दुसरा राखणदार आहे दातांचा आकार. कड्याचे आणि गिअरचे दाते अगदी सरळ नसतात, मुळाशी किंचित निमुळते असतात. त्यामुळे जोर आला की कडं बाहेर न पडता उलट आत ओढलं जातं.

आता खरी गुंतागुंत इथे आहे. फोर्क झिजला की ड्रायव्हर दांडा पूर्ण टाकतो, पण कडं पूर्ण सरकत नाही. दाते अर्धेच अडकतात. सगळा भार दातांच्या टोकांवर येतो आणि टोकं गोल होतात. गोल झालेले दाते जोर आला की कड्याला बाहेर फेकतात. बाहेर येऊ पाहणारं कडं पुन्हा फोर्कच्या त्याच बाजूला रेटा देतं, तो आणखी झिजतो. म्हणजे हाताच्या वजनानेही तीच बाजू झिजणार आणि गोल दातांमुळेही तीच! नुसता फोर्क पाहून गुन्हेगार सापडत नाही. कधी कधी तर फोर्क बिचारा मार खाणारा असतो, मूळ दोष स्प्रिंगमध्ये, बेअरिंगमध्ये नाहीतर दांडीत निघतो.

म्हणून चांगला मिस्त्री लगेच नवा फोर्क टाकून मोकळा होत नाही. या मिस्त्रींनी एकेक गोष्ट तपासली. दांडी काचेच्या तुकड्यावर लोळवून पाहिली. वाकडी असती तर डुगडुगली असती. स्प्रिंग नव्या स्प्रिंगशेजारी उभी केली, उंची मिळाली. छर्ऱ्यावर खड्डे नव्हते. फोर्क दांडीवर बसवणारी पिन पक्की होती. खाच आणि फोर्क यांच्यातला गाळा त्यांनी फिलर गेजच्या पातळ पट्ट्या घालून मोजला. हा गाळा मिलिमीटरच्या काही दशांशांपुरताच हवा असतो, इथे पट्ट्यांवर पट्ट्या घातल्या तरी जागा उरत होती. शेवटी बॅटरीच्या उजेडात तिसऱ्या गिअरचे छोटे दाते पाहिले. टोकं गोल झाली होती, वापरून गुळगुळीत झालेल्या साबणाच्या वडीसारखी.

तेवढ्यात मालकाचा फोन आला. त्यांचं म्हणणं, पितळ भरून घ्या आणि गाडी सोडा.

पितळ भरणं म्हणजे झिजलेल्या पायावर गॅसने पितळ वितळवून थर चढवायचा आणि मग कानशीने नाहीतर मशीनवर मापात आणायचा. ही पद्धत काही खोटी नाही. सुटा भाग मिळत नसे तेव्हा असे कितीतरी ट्रक याच उपायाने चालले. १९५४ साली जमशेदपूरला टाटांनी जर्मनीच्या डेमलर-बेंझबरोबर ट्रक बनवायला सुरुवात केली, तेव्हापासूनच्या गाड्या आपल्या गावोगावच्या मिस्त्रींनी अशाच जगवल्या. पण गॅसच्या उष्णतेने फोर्क वाकू शकतो, पायाच्या पृष्ठभागाला कारखान्यात दिलेला कडकपणा जातो, आणि एका पायावर थर जरा जाड झाला तर कडं तिरकं ढकललं जातं. शिवाय गोल दाते तसेच राहिले तर भरलेलं पितळ पुन्हा किती दिवस टिकणार? क्वचित लागणाऱ्या रिव्हर्सला मी एक वेळ चालवून घेतलं असतं. भरल्या गाडीच्या तिसऱ्याला नाही.

मिस्त्रींनी फोनवर वाद घातला नाही. एवढंच म्हणाले, "मालक, खाणीतून वर येताना गाडीत तुम्ही बसता का?"

थोडा वेळ काहीच आवाज आला नाही. मग मालक म्हणाले, फोर्क आणा, गिअर आणि स्लीव्हही आणा.

सामान आलं, जोडणी संध्याकाळी झाली. गिअर आणि स्लीव्ह बदलायची म्हणून शेवटी गिअरबॉक्स खाली उतरवावाच लागला. बसवताना मिस्त्रींनी एक अगदी छोटी पिन, हरभऱ्याच्या दाण्यापेक्षा फार मोठी नसेल, मुलाच्या तळहातावर ठेवली. ती दोन दांड्यांच्या मध्ये आडवी बसते. एक दांडी सरकली की ती पिनेला शेजारच्या दांडीच्या खाचेत ढकलते आणि शेजारची दांडी जागीच कुलूपबंद होते. ती नसली तर दोन गिअर एकदम पडू शकतात. एकाच शाफ्टला दोन वेगवेगळे वेग कसे देता येणार? सगळा गिअरबॉक्स जाम. जोडताना गडबडीत विसरली जाते ती नेमकी हीच पिन.

नव्या काही ट्रकमध्ये आता ड्रायव्हरला गिअर टाकावाच लागत नाही, संगणक सांगतो आणि दाबलेली हवा दांड्या सरकवते. पण आत ढकलायला फोर्क आहेच. आणि हवेला दांड्यावर हात टेकून बसायची सवय नसते!

ऑइल भरलं. इंजिन बंद ठेवूनच सगळे गिअर एकदा टाकून पाहिले. मग वडील फेरी मारायला निघाले, मुलगा शेजारी बसला. कान देऊन ऐकलं तर गिअर बाहेरूनही मोजता येतात. इंजिनाचा आवाज चढत जातो, क्षणभर पडतो, पुन्हा खालच्या सुरात सुरू होतो. प्रत्येक पडण्याला एक गिअर. मध्येच इंजिन भलतंच भोंगावलं आणि गाडीचा वेग काही वाढला नाही, तर सटकला समजा. रस्त्याच्या कडेला, जरा लांब उभं राहून तुम्हीही मोजून बघा.

पहिला, दुसरा, तिसरा... तिसऱ्यात ट्रक बराच वेळ चढत राहिला. मग चौथा. वळणावर खिडकीतून दिसलं, वडिलांचे दोन्ही हात स्टिअरिंगवर होते आणि मुलगा त्यांच्या डाव्या हाताकडे टक लावून बघत होता.