समोर कोण बसणार?

पुणे-सोलापूर रस्त्यावर यवत ओलांडलं की भांडगाव लागतं. पुण्यापासून अंतर पन्नासेक किलोमीटर. समजा, या गावात बुद्धिबळात चांगली चमक असलेली दहा मुलं आहेत आणि ती रोज संध्याकाळी मन लावून एकमेकांशी खेळतात. अशी दहा वर्षं गेली तरी त्यांच्यातल्या एकाच्याही नावापुढे आंतरराष्ट्रीय रेटिंग लागणार नाही. नियमच तसा आहे. पहिलं रेटिंग मिळवायचं तर मान्यताप्राप्त स्पर्धेत, आधीच रेटिंग असलेल्या खेळाडूंशी किमान पाच डाव व्हावे लागतात आणि कामगिरी निदान १४०० ची भरावी लागते. पुढे ग्रँडमास्टर व्हायचं तर साधारणपणे २५०० रेटिंग हवं, शिवाय तीन नॉर्म (ठरावीक दर्जाच्या स्पर्धेतली ठरावीक कामगिरी) हवेत, आणि नॉर्मच्या स्पर्धेत समोर किमान तीन ग्रँडमास्टर बसलेले असावे लागतात. म्हणजे या खेळात वर चढायची प्रत्येक पायरी दुसऱ्या कुणाच्या तरी हातात असते. आपल्याकडे बुद्धिबळपटूंविषयी लिहिलं जातं ते मात्र अलौकिक बुद्धीच्या गोष्टी म्हणून. महाराष्ट्रातल्या नामवंत खेळाडूंची वाटचाल पाहिली तर मला त्यात बुद्धीइतकीच आणखी एक गोष्ट ठळक दिसते: त्यांना कोवळ्या वयात, घराच्या आसपास, तोडीस तोड प्रतिस्पर्धी मिळाला होता.

मुंबईच्या खाडिलकर भगिनींचं उदाहरण सर्वांत बोलकं आहे. महिलांची राष्ट्रीय स्पर्धा १९७४ साली सुरू झाली आणि पहिलं विजेतेपद वासंती खाडिलकरने मिळवलं. तिथपासून १९८३ पर्यंत हे विजेतेपद वासंती, जयश्री आणि रोहिणी या तिघींच्या बाहेर गेलंच नाही. ‘नवाकाळ’चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या या मुली. तिन्ही मुलींना देवाने सारखीच बुद्धी दिली, असं म्हणून हा विषय संपवता येईल, पण मला ते पटत नाही. देशातल्या सर्वांत बलाढ्य तीन महिला खेळाडू एकाच घरात राहत होत्या आणि सरावासाठी त्यांना उंबरठा ओलांडायची गरज नव्हती, हे त्याहून साधं आणि खरं उत्तर आहे. रोहिणी १९७६ मध्ये राष्ट्रीय विजेती झाली तेव्हा ती १३ वर्षांची होती. त्याच वर्षी ती पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. त्यावरून केवढा गदारोळ झाला! प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं, आणि राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय स्पर्धेत महिलांना मज्जाव करता येणार नाही, असा निर्वाळा जागतिक बुद्धिबळ महासंघाचे तेव्हाचे अध्यक्ष मॅक्स युवे यांना द्यावा लागला. स्वतः माजी जगज्जेते असलेल्या युवे यांना त्या मागणीचं मर्म कळलं असणार. ज्या गटात आपल्याला हरवणारं फारसं कुणी उरलेलं नाही, त्या गटात खेळत राहिलं तर वाढ खुंटते. रोहिणी १९८१ मध्ये आशियाई विजेती झाली.

खाडिलकरांचं दशक संपलं आणि १९८५ मध्ये राष्ट्रीय विजेतेपद भाग्यश्री साठे यांच्याकडे गेलं. पुढे ठिपसे झालेल्या भाग्यश्रींनी ते एकूण पाच वेळा जिंकलं, १९८७ मध्ये पद्मश्री मिळवली, १९९१ मध्ये आशियाई अजिंक्यपदही. इथे घराची जागा गावाने घेतली. सांगलीत भाऊसाहेब पडसलगीकर यांनी नूतन बुद्धिबळ मंडळ चालवलं, वर्षानुवर्षं स्पर्धा भरवल्या आणि बाहेरगावच्या खेळाडूंना सांगलीत आणून आपल्या मुलामुलींसमोर बसवलं. भाग्यश्री त्या वातावरणातल्या, स्वाती घाटेही तिथल्याच. पुण्यात अभिजित कुंटे आणि त्यांची बहीण मृणालिनी, दोघंही खेळणारी. अभिजित २००० साली भारताचे चौथे ग्रँडमास्टर झाले आणि २०२४ मध्ये बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये सुवर्णपदक मिळवणाऱ्या महिला संघाचं मार्गदर्शन त्यांच्याकडे होतं. त्या संघात नागपूरची दिव्या देशमुख होती. पुढच्याच वर्षी जुलैत बाटुमीला झालेल्या विश्वचषकाच्या अंतिम लढतीत तिच्यासमोर कोनेरू हंपी होती. दोन मोठे डाव बरोबरीत सुटले, जलद डावांतला पहिलाही बरोबरीत गेला आणि दुसरा काळ्या मोहऱ्यांनी दिव्याने जिंकला. त्या विजयाने ती थेट ग्रँडमास्टर झाली, वयाच्या १९ व्या वर्षी.

यावर पहिला आक्षेप येतो तो मीर सुलतान खान यांच्या नावाने. पंजाबातल्या खेड्यातला हा माणूस देशी नियमांनी बुद्धिबळ शिकला, १९२९ मध्ये इंग्लंडला गेला आणि काही महिन्यांत ब्रिटिश विजेता झाला. हेस्टिंग्जला त्याने माजी जगज्जेत्या कापाब्लांकाला हरवलं. मग खेड्यातली प्रतिभा आपोआप वर येते, असं का म्हणू नये? कारण ती आपोआप आली नव्हती. सर उमर हयात खान या जमीनदाराने त्याला हेरलं, विलायतेला नेलं, आणि तिथे विंटर व येट्स यांच्यासारखे खेळाडू सरावाला मिळाले. डिसेंबर १९३३ मध्ये आश्रयदात्याबरोबर तो परतला आणि कारकीर्द तिथेच थांबली. १९३५ मध्ये त्याने व्ही. के. खाडिलकर या मराठी खेळाडूशी दहा डावांचा सामना खेळला. खाडिलकरांच्या वाट्याला एक बरोबरी आली, बाकीचे नऊ डाव सुलतान खानने जिंकले. त्यानंतर तो जागतिक बुद्धिबळात कधी दिसला नाही. त्याची बुद्धी दोन वर्षांत आटली असेल, हे मानणं कठीण आहे. त्याच्यासमोर बसायला इथे माणूस नव्हता. ग्रँडमास्टर हा मानद किताब त्याला २०२४ मध्ये, मरणानंतर अनेक दशकांनी देण्यात आला.

दुसरा आक्षेप आजचा आहे आणि जास्त वजनदार आहे. आता मोबाइलवर रात्री दोन वाजताही ब्राझीलचा प्रतिस्पर्धी सापडतो, मग भांडगाव काय नि मुंबई काय? हे बऱ्याच अंशी खरं आहे. २०२० मध्ये ऑनलाइन ऑलिंपियाड झालं, नाशिकचा विदित गुजराथी भारताचा कर्णधार होता आणि सुवर्णपदक भारत व रशियाला विभागून मिळालं. पण ते खेळाडू तयार झाले होते पटावर. मोबाइलवरचे डाव दीर्घ डावांच्या रेटिंगमध्ये धरले जात नाहीत, आणि त्यांतले बहुतेक तीन-पाच मिनिटांत उरकतात. खऱ्या स्पर्धेत मोहऱ्याला हात लागला की तोच खेळावा लागतो, चार-चार तास खुर्चीवर तग धरावा लागतो, प्रत्येक चाल कागदावर लिहावी लागते. डाव संपला की दोघं पुष्कळदा बाहेरच्या टेबलावर पट पुन्हा मांडतात. ‘तू घोडा इकडे आणलास तिथेच गेला डाव’, असं जिंकणारा दाखवतो, हरलेला प्यादं मागे ठेवून दुसरी चाल करून बघतो, शेजारून तिसरा कुणी डोकं घालतो. निम्मं शिक्षण त्या टेबलावर होतं. मोबाइलवर हरलेला मुलगा पुढचा डाव सुरू करतो.

उरला पैशाचा प्रश्न, आणि तो झटकून टाकण्यासारखा नाही. दिव्याचे आईवडील डॉक्टर आहेत, खाडिलकरांचं घर संपादकाचं होतं. प्रवेश शुल्क, प्रशिक्षक, परगावचा मुक्काम यांचा खर्च सामान्य शेतकऱ्याच्या आवाक्याबाहेर जातो. मुलगी असेल तर सोबत आई किंवा वडील जातात आणि घरातली तेवढ्या दिवसांची मजुरी बुडते. सांगलीचं मोल मला म्हणूनच फार वाटतं. तिथे मुलांनी बाहेर जाण्याआधी प्रतिस्पर्धी गावात आला.

एप्रिल २०२५ मध्ये पुण्यात महिलांची ग्रां प्री स्पर्धा झाली, हंपी जिंकली, दिव्या तिसरी आली. त्याआधी २०१४ मध्ये जागतिक ज्युनियर स्पर्धा पुण्यात झाली होती. दोन्ही ठिकाणं भांडगावपासून मोटारीने तास-दीड तासावर. इतक्या जवळ येऊनही अशा स्पर्धा दौंड तालुक्यातल्या मुलाला प्रेक्षक म्हणूनच भेटतात. त्याला हवी आहे ती यवत किंवा केडगावच्या एखाद्या शाळेत, उसाची तोडणी सुरू होण्याआधी, दरवर्षी ठरलेल्या तारखांना होणारी छोटी रेटिंग स्पर्धा. बक्षिसाची रक्कम कमी ठेवावी आणि तो पैसा पुण्याच्या तीस-चाळीस रेटिंगवाल्या खेळाडूंच्या भाड्यावर नि जेवणावर खर्च करावा. दौंडच्या लोकलने ते सकाळी येऊन संध्याकाळी परत जाऊ शकतात, आणि भांडगावची मुलगी सायकलवर येऊन तिचे पाच डाव खेळू शकते.