चक्रांचे सात रंग आणि एक मुंबईकर पारशी

योगवर्गाच्या भिंतीवरचा तक्ता बहुतेकांनी पाहिलेला असतो. मांडी घालून बसलेला माणूस आणि त्याच्या कण्यावर खालून वर सात कमळं, थेट ‘तानापिहिनिपाजा’च्या क्रमानं. हे ज्ञान हजारो वर्षांचं, असंही सोबत सांगितलं जातं.

आता पूर्णानंदांचं ‘षट्चक्रनिरूपण’ उघडा. ग्रंथ १५७७चा. सर जॉन वुड्रफ यांनी १९१९मध्ये त्याचा इंग्रजी अनुवाद छापल्यावर चक्रं जगभर गेली. त्यात मूलाधाराच्या पाकळ्या लाल, पण आतला पृथ्वीचा चौकोन पिवळा. स्वाधिष्ठान शेंदरी आणि त्यात पांढरी चंद्रकोर. मणिपुराच्या पाकळ्या पावसाळी ढगासारख्या काळ्या, मधला अग्नीचा त्रिकोण तांबडा. हृदयातलं अनाहत दुपारीच्या फुलासारखं लाल, त्यात धुरकट षट्कोन. हिरवा नावालाही नाही. आज्ञाचक्र तर चंद्रासारखं पांढरं.

इंद्रधनुष्याचे सात रंग मुळात न्यूटनचे. त्यानं आधी पाचच मोजले होते; संगीतातल्या सात सुरांशी मेळ बसावा म्हणून नारिंगी आणि पारवा मागाहून घातले. ही सप्तरंगी शिडी चक्रांवर चढवण्यात मोठा वाटा ख्रिस्तोफर हिल्स या इंग्रज गृहस्थाचा. जमैकात व्यापार आणि चित्रांची गॅलरी चालवून झाल्यावर त्यांनी कॅलिफोर्नियातल्या बोल्डर क्रीकला ‘युनिव्हर्सिटी ऑफ द ट्रीज’ काढली. पुढं स्पिरुलिना नावाचं शेवाळ पौष्टिक अन्न म्हणून विकण्यातही ते आघाडीवर होते. ‘न्यूक्लियर इव्होल्यूशन’ या त्यांच्या जाडजूड ग्रंथात (विस्तारित आवृत्ती १९७७) प्रत्येक रंग ही जाणिवेची एक पातळी आहे: तांबडा इंद्रियसंवेदनेचा, नारिंगी समाजात मिसळण्याचा, पिवळा बुद्धीचा, पारवा अंतःप्रेरणेचा, जांभळा कल्पनेचा. मांडणी हुशारीची आहे, यात वाद नाही. हृदयाच्या वाट्याला हिरवा आला, कारण सातांत हृदय चौथं आणि हिरवाही चौथा.

प्रकाश आणि चैतन्य यांची सांगड मात्र खरोखरच जुनी. अभिनवगुप्तांच्या काश्मिरी शैवमतात चैतन्य म्हणजेच प्रकाश. तत्त्वज्ञ सुहरावर्दीनं अस्तित्वाची उतरंडच प्रकाशाच्या कमीजास्त तेजावर रचली आणि ११९१मध्ये अलेप्पोत जीव गमावला. चौदाव्या शतकातल्या इराणी सूफी सिम्नानीनं साधकाच्या अंतरंगातली सात केंद्रं सांगितली. प्रत्येकाला एक रंग आणि एक प्रेषित. नूहाचा निळा, मूसाचा पांढरा, येशूचा तेजस्वी काळा, मुहंमदांचा हिरवा. काळा आणि तोही तेजस्वी! हा रंग लोलकातून निघत नाही. आपल्याकडं ज्ञानेश्वरांच्या विराण्यांतला निळाही तसाच. या मंडळींकडं रंग वाटेवरच्या खुणेसारखा येतो, आणि वाट दाखवायला गुरू लागतो.

रंगांचा कोश छापला तो थिऑसॉफिस्टांनी. १८७५ला न्यूयॉर्कमध्ये निघालेली त्यांची थिऑसॉफिकल सोसायटी १८७९ला मुंबईत आली, गिरगावात राहिली आणि १८८२मध्ये मद्रासच्या अड्यारला स्थिरावली. अ‍ॅनी बेझंट आणि लेडबीटर यांच्या ‘थॉट-फॉर्म्स’ या पुस्तकात सुरुवातीलाच रंगांच्या चौकटी आहेत, शेजारी अर्थ. गुलाबी म्हणजे प्रेम, निळा म्हणजे भक्ती, पिवळा म्हणजे बुद्धी, काळा म्हणजे दुष्टावा. राग विजेसारखा लाल निघतो. जाणून घेण्याची इच्छा पिवळ्या मळसूत्रासारखी वळत जाते. शेवटी मेंडेल्सोन, गूनो आणि वॅग्नर यांचं संगीत चर्चवर तरंगताना कसं दिसतं, त्याचीही चित्रं. पुस्तकातले दावे मला पटत नाहीत, पण चित्रं पाहताना हात थबकतो. अमूर्त चित्रकला युरोपात अजून उभी राहायची होती.

चित्रकार कांडिन्स्कीकडं हे पुस्तक होतं. पण १९११च्या अखेरीस आलेल्या त्याच्या ग्रंथात पिवळा बुद्धीचा नाहीच. तो जमिनीवरचा, टोचणारा, वेडाकडं झुकणारा. हिरवा म्हणजे रवंथ करत पडलेली धष्टपुष्ट गाय. स्टॉकहोमच्या चित्रकार हिल्मा आफ क्लिंटला पिवळा पुरुषतत्त्वाचा वाटला, निळा स्त्रीतत्त्वाचा. खुद्द लेडबीटरना हृदयचक्र सोनेरी दिसलं. अंतर्दृष्टीनं दिसणारी गोष्ट एकच असती, तर इतक्या द्रष्ट्यांत निदान हृदयाच्या रंगावर तरी एकमत व्हायला हवं होतं.

या साऱ्यात आपल्या जवळचा माणूस दिनशा घडियाली. जन्म मुंबईचा, १८७३चा. विजेच्या कामातला जाणकार आणि थिऑसॉफिस्ट. आतड्यांच्या दुखण्यानं मरणाच्या दारी असलेली एक तरुणी आपण १८९७मध्ये बरी केली, असं ते सांगत. साधनं घरगुती: रॉकेलचा कंदील आणि लोणच्याची जांभळी बाटली. बाटलीतून उजेड अंगावर, आणि तसल्याच बाटलीत उन्हात ठेवलेलं दूध पोटात. १९११मध्ये ते अमेरिकेला गेले आणि १९२०मध्ये ‘स्पेक्ट्रोक्रोम’ बाजारात आणलं: एका पेटीत प्रखर दिवा, पुढं रंगीत काचा, एकूण रंग बारा. रोग्यानं अंधाऱ्या खोलीत उघड्या अंगानं, डोकं उत्तरेला करून पडायचं. (आपल्याकडं याच दिशेला डोकं केलं की आजी ओरडते.) मधुमेहापासून क्षयापर्यंत सगळं त्यात बसवलेलं.

उजेडानं रोग बरे होतातच, ही यातली खरी पंचाईत. त्वचेच्या क्षयावरच्या प्रकाशोपचारासाठी डॉक्टर फिन्सेनला १९०३चं नोबेल मिळालं होतं आणि काविळीच्या तान्ह्या बाळांना आजही निळ्या दिव्याखाली ठेवतात. पण तिथं कुठली तरंगलांबी कुठल्या रेणूवर काम करते, हे मोजता येतं. घडियालींकडं असं मोजमाप नव्हतं, आणि त्यांच्या भरवशावर औषधं सोडणाऱ्या रोग्यांचा प्रश्न होता. न्यूजर्सीतल्या कॅम्डेनच्या फेडरल न्यायालयानं जानेवारी १९४७मध्ये त्यांना दोषी ठरवलं. वीस हजार डॉलर दंड झाला. घडियाली १९६६मध्ये गेले. मुलानं पुढं पुस्तक काढलं, त्यात यंत्राची गरजच ठेवली नाही. नाटकाच्या दिव्यांना लावतात ती रंगीत जिलेटिनं आणायची, सांगितलेल्या जोड्या एकावर एक ठेवायच्या आणि बारा रंग घरीच काढायचे.